विनयभंगाचं अपील आणि पहिल्या रात्रीचा कागद

(मंचाच्या वार्षिक मेळाव्यात झालेलं भाषण. वक्त्या बाईंनी स्वतः तपासून दिलेला मजकूर सभासदांच्या आग्रहावरून या अंकात देत आहोत.)



संयोजकांनी मला दिलेला विषय होता 'भारतातील स्त्रिया आणि कायदा'. जेवणाआधीच्या चाळीस मिनिटांत एवढं आभाळ कवेत घेणं मला जमणार नाही. म्हणून मी त्यातला एकच लहानसा कोपरा घेते. विनयभंगाच्या खटल्यात खालच्या कोर्टाचा निकाल लागल्यानंतर पुढे काय होतं, म्हणजे अपिलात काय होतं, एवढंच. खटल्याचा निकाल पेपरात येतो. अपिलाचा बहुधा येत नाही. आला तरी तोवर आपण ती बातमी विसरलेले असतो. ज्या बाईची ती केस असते ती मात्र विसरलेली नसते.

इथे येण्यापूर्वी मी महाराष्ट्रातल्या एका जिल्हा कोर्टात अकरा वर्षं वकिली केली. आता एका विमा कंपनीसाठी करारनामे वाचते. आजचं बोलणं मात्र त्या आधीच्या अकरा वर्षांतलं आहे. आणि आधीच सांगून टाकते, मी त्या काळात बहुतेक वेळा आरोपीच्या बाजूला उभी असायची. आमचे सीनियर फौजदारीतलं मोठं नाव होतं आणि मी त्यांची ज्युनियर.

नव्वदच्या दशकातली गोष्ट आहे. गाव सांगत नाही, नावंही सांगत नाही. तालुक्याच्या शाळेतल्या एक शिक्षिका. संस्थेच्या एका पदाधिकाऱ्याने शाळा सुटल्यावर त्यांना ऑफिसात अडवलं. बाईंनी धीर करून त्याच संध्याकाळी थोरल्या भावाला बरोबर घेऊन पोलीस स्टेशन गाठलं. समोर ठाणे अंमलदार, बाजूला भाऊ, दारात चार बघे. बाईंनी काय सांगितलं असेल? त्या म्हणाल्या, "त्यांनी माझ्याशी वाईट वर्तन केलं." हवालदाराने लिहिलं, "सदर इसमाने माझा हात धरून माझे मनास लज्जा उत्पन्न होईल असे कृत्य केले." हे वाक्य तुमच्यापैकी कुणी फौजदारी कागद पाहिले असतील तर ओळखीचं वाटेल. हजारो फिर्यादींत ते जसंच्या तसं सापडतं. साच्यातून काढल्यासारखं.

दीड वर्षाने मॅजिस्ट्रेटपुढे साक्ष झाली. तिथे सरकारी वकिलांनी नीट विचारलं, नक्की काय झालं. बाईंनी मान खाली घालून, पण स्पष्ट सांगितलं की त्याने छातीला हात लावला. मॅजिस्ट्रेटना बाईंचं बोलणं खरं वाटलं. सहा महिने शिक्षा आणि दंड झाला. आम्ही सत्र न्यायालयात अपील केलं. अपील दाखल होताच शिक्षेला स्थगिती मिळाली, आरोपी जामिनावर बाहेर, संस्थेच्या त्याच खुर्चीवर. चार वर्षांनी अपील सुनावणीला आलं.

अपिलात साक्षीदार पुन्हा बोलावत नाहीत. हे लोकांना माहीत नसतं. बाई कोर्टात येऊन बसली तरी तिला कुणी काही विचारत नाही. खालच्या कोर्टातून रेकॉर्डचा गठ्ठा येतो, दोन्ही वकील त्या कागदांवर बोलतात, न्यायाधीश ते कागद वाचतात. मॅजिस्ट्रेटने तिचा चेहरा पाहिलेला असतो, तिचा आवाज ऐकलेला असतो. वरच्या कोर्टापुढे असते ती टाइप केलेली जबानी आणि पहिल्या दिवशी हवालदाराने लिहिलेली फिर्याद. या दोन कागदांत फरक सापडला की त्याला आमच्या भाषेत 'ऑमिशन' म्हणतात. महत्त्वाची गोष्ट आधी सांगितली नाही आणि नंतर सांगितली, म्हणजे ती रचलेली असावी, असा युक्तिवाद करायचा.

त्या केसमधलं ऑमिशन मी शोधलं. रात्री अकरा वाजता, सीनियरांच्या ऑफिसात. फिर्यादीत 'हात धरून', साक्षीत 'छातीला हात'. सीनियर खूश झाले. दुसऱ्या दिवशी त्यांनी पंधरा मिनिटांत युक्तिवाद संपवला. आरोपी निर्दोष सुटला. न्यायाधीश सज्जन होते, बाईंबद्दल एक अक्षर वाईट लिहिलं नाही. संशयाचा फायदा दिला, एवढंच.

यात बेकायदेशीर काही झालं नाही. मी माझं काम केलं. आज इतक्या वर्षांनी मला वाटतं ते असं, की त्या कागदातला फरक बाईच्या खरेपणाबद्दल काहीच सांगत नव्हता. भावासमोर आणि चार बघ्यांसमोर एक शब्द तिच्या तोंडून निघाला नाही, आणि हवालदाराकडे दुसरं वाक्य नव्हतं, एवढंच तो सांगत होता.

हे एका तालुक्यापुरतं नाही. 'मथुरा खटला' म्हणून ओळखला जाणारा खटला तुम्हाला ठाऊक असेल. २६ मार्च १९७२, देसाईगंज पोलीस ठाणे, तेव्हाचा चंद्रपूर जिल्हा, आता गडचिरोली. एक अल्पवयीन आदिवासी मुलगी, एक कॉन्स्टेबल आणि एक हेड कॉन्स्टेबल. आपण हा खटला बलात्काराचा म्हणून लक्षात ठेवतो. त्यात हेड कॉन्स्टेबलवरचा गुन्हा विनयभंगाचा होता, कलम ३५४, हे सहसा कुणाच्या ध्यानात राहत नाही. १९७४ मध्ये सत्र न्यायालयाने दोघांनाही सोडलं. १९७६ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरवला, कॉन्स्टेबलला पाच वर्षं आणि हेड कॉन्स्टेबलला एक वर्ष शिक्षा दिली. सप्टेंबर १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोघांनाही पुन्हा सोडलं. त्या मुलीच्या अंगावर झटापटीच्या खुणा नव्हत्या, तिने आरडाओरडा केला नाही, यावर पुढे देशभर संताप उसळला तो योग्यच होता. पण हेड कॉन्स्टेबलच्या सुटकेचं कारण वेगळं होतं. फिर्यादीतला मजकूर आणि कोर्टातली जबानी यांत त्याच्याविषयी फरक होता, तो पुरला. आणि ती फिर्याद लिहिली गेली होती त्याच ठाण्यात, आरोपींच्याच सहकाऱ्याच्या हातून. हा निकाल वाचताना माझ्या डोळ्यांपुढे आमच्या सीनियरांचं ऑफिस येतं.

त्या निकालावर १९७९ मध्ये चार कायदेपंडितांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. उपेंद्र बक्षी, लोतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर. त्यातली दोन नावं मराठी आहेत, हे आपल्या मेळाव्यात मुद्दाम सांगावंसं वाटतं. त्या पत्रातून आंदोलन उभं राहिलं आणि १९८३ मध्ये बलात्काराचा कायदा बदलला. विनयभंगाच्या कलमाला मात्र तेव्हा हात लागला नाही. १८६० मध्ये इंग्रजांनी लिहिलेली जास्तीत जास्त दोन वर्षांची शिक्षा तशीच राहिली, किमान शिक्षा काहीच नाही. २०१३ पर्यंत, म्हणजे १५३ वर्षं! दिल्लीच्या डिसेंबर २०१२ च्या घटनेनंतर आणि न्यायमूर्ती वर्मा समितीच्या अहवालानंतर ती किमान एक आणि कमाल पाच वर्षं झाली. १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहिता जाऊन भारतीय न्याय संहिता आली, तिच्यात हेच कलम ७४ झालं आहे. नवीन नंबर पाठ करायला आम्हा जुन्यांना जड जातं.

'विनयभंग' या शब्दाबद्दल जाता जाता. विनय म्हणजे नम्रता, सभ्यता. भंग होतो तो त्या पुरुषाच्या सभ्यतेचा, आणि आपण म्हणतो बाईचा विनयभंग झाला. इंग्रजी कायद्यातला शब्दही असाच अडचणीचा. कोर्टांना शंभर वर्षांनीही प्रश्न पडला की हा 'विनय' नक्की कुणाकडे असतो. पंजाबातल्या एका खटल्यात साडेसात महिन्यांच्या बाळावर एका माणसाने अत्याचार केला होता. खालच्या कोर्टाने आणि उच्च न्यायालयाने त्याला साध्या दुखापतीबद्दल दोषी धरलं, कारण एवढ्या लहान जिवाला लज्जा कुठली? सरकार अपिलात गेलं. १९६६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोन विरुद्ध एक मतांनी विनयभंगाचा गुन्हा ठरवला. बहुमतातल्या न्यायमूर्ती मुधोळकर आणि न्यायमूर्ती बच्छावत यांचं म्हणणं थोडक्यात असं, की त्या व्यक्तीला काय वाटलं हे मोजायचं नाही, कृत्य कसलं होतं ते पाहायचं. विरोधी मत होतं खुद्द सरन्यायाधीश सरकार यांचं. सरकार अपिलात गेलं नसतं, तर 'जिला समजलंच नाही तिचा विनयभंग होत नाही' असाच कायदा राहिला असता. म्हणून मी अपिलाला नुसतं नावं ठेवत नाही.

पंचावन्न वर्षांनी नागपुरातच अपील उलट्या दिशेने गेलं. २०१६ मध्ये एका माणसाने पेरू देतो म्हणून बारा वर्षांच्या मुलीला घरात नेलं आणि तिच्या छातीला हात लावला. विशेष न्यायालयाने पॉक्सोखाली तीन वर्षं दिली. अपिलात, १९ जानेवारी २०२१ रोजी, नागपूर खंडपीठाने म्हटलं की कपड्यावरून स्पर्श झाला, त्वचेचा त्वचेशी संबंध आला नाही, म्हणून पॉक्सो लागत नाही. नुसता विनयभंग, एक वर्ष. हा निकाल न्यायमूर्ती पुष्पा गनेडीवाला यांचा. न्यायाधीश बाई असली की प्रश्न सुटतो असं मानणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं. त्याविरुद्ध ॲटर्नी जनरल, राष्ट्रीय महिला आयोग आणि महाराष्ट्र सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १८ नोव्हेंबर २०२१ रोजी तो निकाल रद्द झाला. म्हणजे एका जाड्याभरड्या कपड्याला कायद्यात किती किंमत, हे ठरवायला तीन कोर्टं आणि जवळजवळ पाच वर्षं लागली.

आता ज्या खटल्याबद्दल इथल्या बऱ्याच जणांना माहिती असेल, तो रूपन देओल बजाज यांचा. १८ जुलै १९८८, चंदिगडमधली वरिष्ठ अधिकाऱ्यांची पार्टी. बाई स्वतः आयएएस, नवरा आयएएस. समोर पंजाबचे पोलीस महासंचालक के. पी. एस. गिल. बाईंनी तक्रार केली. मे १९८९ मध्ये उच्च न्यायालयाने गुन्हाच रद्द केला. भारतीय दंड संहितेत एक कलम ९५ होतं, सामान्य समजुतीचा माणूस ज्याची तक्रार करणार नाही इतकी किरकोळ हानी असेल तर गुन्हा नाही, असं सांगणारं. ते वापरलं. त्याच वर्षी गिल यांना पद्मश्री मिळाली. बाई सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १२ ऑक्टोबर १९९५ रोजी कोर्टाने सांगितलं की ही बाब किरकोळ नाही, खटला चालवा. खटला चालावा की नाही, एवढ्यासाठी सात वर्षं! आणि खटला चालला किती दिवस? ६ जानेवारी १९९६ ला निकाल लागला, दोषी. तीन महिनेही लागले नाहीत. पुढे सत्र न्यायालयाने दोष कायम ठेवला पण तुरुंगवास काढून प्रोबेशनवर सोडलं, उच्च न्यायालयाने तेच कायम केलं, आणि जुलै २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शेवटचा शिक्का मारला. सतरा वर्षं. दोन लाखांची भरपाई बाईंनी स्वतःसाठी घेतली नाही.

गिल एक दिवसही तुरुंगात गेले नाहीत, मग उपयोग काय, असं मला दर वेळी विचारलं जातं. माझं उत्तर असं की १९९५ चा तो निकाल नसता तर आमच्या त्या शिक्षिकेची केस पहिल्याच तारखेला 'किरकोळ' म्हणून उडवायला आम्हीच अर्ज केला असता. त्याआधी असे अर्ज होत होते, मी टाइप केलेले आहेत. पण हेही खरं, की सतरा वर्षं टिकायला आयएएसचा पगार, आयएएस नवरा आणि दिल्लीतले वकील लागले. शिक्षिकेकडे यातलं काय होतं?

इथे अमेरिकेत राहणाऱ्यांना एक फरक सांगायला हवा, कारण आपण नकळत इथल्या चष्म्यातून तिकडचं पाहतो. इथे ज्युरीने निर्दोष म्हटलं की विषय संपला. सरकारला अपील नाही. भारतात निर्दोष सुटकेविरुद्ध सरकार अपील करू शकतं, मथुरा खटल्यात तसंच झालं. पण ते 'सरकार' करतं. फौजदारी खटल्यात बाई पक्षकार नसते, साक्षीदार असते. कित्येक प्रकरणांत सरकारी खात्याने फाइल 'अपील करण्यायोग्य नाही' म्हणून बंद केली की ती बाई हात चोळत बसे. आमच्या शिक्षिकेचं तेच झालं. ३१ डिसेंबर २००९ पासून कायद्यात पीडित व्यक्तीलाच अपिलाचा हक्क मिळाला. आरोपी सुटला, किंवा हलक्या कलमाखाली दोषी ठरला, किंवा भरपाई अपुरी असली, तर ती स्वतः अपील करू शकते. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यासाठी आधी परवानगी काढायची गरज नाही असं सांगितलं. नवीन नागरिक सुरक्षा संहितेत हा हक्क कलम ४१३ मध्ये आहे. शिक्षा कमी झाली म्हणून मात्र तिला अपील नाही, ते अजूनही सरकारकडेच. पंधरा वर्षांहून जुना हा हक्क, पण मी पुण्याला गेले की शिकलेल्या घरांतूनही 'असं करता येतं?' असा प्रश्न ऐकते.

मागच्या रांगेतून मघाशी कुणीतरी म्हणालं, आरोपीला अपीलच देऊ नका, फास्ट ट्रॅकवर घ्या आणि आत टाका. मला ते मान्य नाही. अपिलाचा हक्क गरीब आरोपीलाही असतो, आणि खोट्या किंवा चुकीच्या माणसावर झालेल्या केसेस मी पाहिल्या आहेत. माझं म्हणणं इतकंच, की अपील जर कागदावर चालणार असेल, तर तो कागद तिने सांगितलं तसाच झाला पाहिजे. २०१३ पासून त्यासाठी सोय आहे. अशा फिर्यादी महिला अधिकाऱ्याने नोंदवायच्या. मॅजिस्ट्रेटपुढे बाईचा जबाब लवकरात लवकर नोंदवायचा. फिर्यादीची प्रत तिला फुकट द्यायची, हे त्याआधीपासूनच आहे. ती वाचून दाखवायची, हे तर फार पूर्वीपासून आहे. पण रात्री दहा वाजता, घरचे 'चल आता' म्हणत असताना, सही करण्यापूर्वी कोण वाचतं?

आणि आपण इथले लोक यात कुठे येतो? दोन ठिकाणी. एक, आपल्यापैकी कुणी डिसेंबरात तीन आठवड्यांच्या सुट्टीवर जातं, तिथे लग्नात, रेल्वेत, नातेवाइकांच्या घरात असं काही घडतं, आणि 'परतीचं तिकीट आहे, साक्षीला कोण येणार' म्हणून तक्रार होत नाही. २००३ मध्ये महाराष्ट्र सरकार विरुद्ध डॉ. प्रफुल्ल देसाई या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने परदेशातल्या साक्षीदाराची साक्ष व्हिडिओ कॉन्फरन्सने घेता येते असं ठरवलं. तो साक्षीदार डॉक्टर इथला, अमेरिकेतलाच होता. वेळेचा फरक, कोर्टाची परवानगी, अडचणी आहेत, पण दरवाजा बंद नाही.

दुसरं जास्त अवघड. तिकडून फोन येतो. भाचीचा, बहिणीचा, आईचा. आणि आपण सगळे, पुरोगामी म्हणवणारे, सल्ला देतो, "सोडून दे गं, कोर्टात आयुष्य जाईल." मीही दिलेला आहे. तो सल्ला अगदीच चुकीचा असतो असंही नाही, सतरा वर्षांचा हिशेब मी आत्ताच मांडला. पण तो निर्णय तिचा आहे. आपण इथून एवढं करू शकतो की तिने जायचं ठरवलं तर पहिल्या रात्री फोनवर थांबावं.

गेल्या वर्षी माझ्या मैत्रिणीच्या भाचीचा फोन आला. ऑफिसच्या बसमधली घटना. ती पोलीस स्टेशनलाच होती, तिकडे रात्रीचे साडेअकरा. समोर महिला उपनिरीक्षक, वागायला चांगली, दमलेली. प्रिंट काढून सहीला दिली होती. मी म्हटलं, मला वाचून दाखव. तिने वाचलं. तिसऱ्या ओळीत तेच, "माझे मनास लज्जा उत्पन्न होईल असे कृत्य केले." मी विचारलं, हात कुठे लावला ते लिहिलंय का? ती गप्प. मग हळूच म्हणाली, "मावशी, इथे बाबा बसलेत."

मी म्हटलं, बाबांना चहा प्यायला पाठव. आणि मॅडमना सांग, अजून एकदा लिहायचं आहे.

उपनिरीक्षक बाईंनी सुस्कारा टाकल्याचं मला इथपर्यंत ऐकू आलं. पण त्यांनी पुन्हा टाइप केलं, शब्द न गाळता, आणि दुसरी प्रिंट काढली. भाचीने ती पूर्ण वाचली, मग सही केली. आरोपपत्र दाखल झालं आहे, खटला अजून उभा राहायचा आहे.

जेवणाची घंटा झालेली दिसते. प्रश्न जेवताना घेऊ.